खिरीची पहिली वाटी

१५ एप्रिल, मंगळवार
काल जयंती. रॅली संपल्यावर एका स्टॉलवर आईस्क्रीम वाटत होते. ऊन फार, म्हणून तीन कप खाल्ले. रात्रभर पोट बिघडलेलं. कारण उघड आहे: दुपारची वांग्याची भाजी. आजपासून वांगं बंद.

२० एप्रिल, रविवार
नेहमीप्रमाणे ग्लासभर दूध पिऊन विहारात गेले. वंदना झाली, सगळे ध्यानाला बसले, आणि त्या शांततेत माझं पोट बोललं. मी डोळे उघडून पंख्याकडे पाहिलं, म्हणजे बाकीच्यांनीही पंख्याकडेच पाहावं. जुनवानीच्या ममताने माझ्याकडे पाहिलं.
वांगं तर बंद आहे. म्हणजे कोबी.
बुद्ध पौर्णिमा बारा मेला. विहारातली खीर मीच करते, आमचे हे, धोंडबा, होते तेव्हापासून. आमच्याकडे रिवाज आहे: जी खिरीच्या मोठ्या गंजात ढवळायचा सराटा फिरवते, तिने पहिली वाटी सगळ्यांसमोर संपवायची. धोंडबा ती स्वतः भरून माझ्या हातात द्यायचे. ते गेल्यावर, मागच्या वर्षी, माझी मीच भरली. ममताचा सराट्यावर डोळा आहे. पोटाचं बाहेर कळता कामा नये.

२२ एप्रिल
सून नीतू मला नेहरू नगरच्या डॉक्टरकडे घेऊन गेली. डॉक्टर म्हणे, दुधात लॅक्टोज नावाची साखर असते, ती पचवणारा रस वयाबरोबर कमी होतो. घाबरायचं कारण नाही, पुष्कळ लोकांना असतं. दोन आठवडे दूध बंद करून पाहा. दही, ताक, थोडं पनीर बहुतेक चालून जाईल, तूपही. डॉक्टर असेल तिशीचा. वयाबरोबर काय होतं ते त्याला काय माहीत.
घरी आल्यावर मुलाला, राजदीपला, सांगितलं की डॉक्टर म्हणाले उष्णता आहे. नीतू म्हणाली, मम्मी, मैं बगल की कुर्सी पे बैठी थी.

२४ एप्रिल
माझी शाळा चौथीपर्यंत. बाकीचं धोंडबा आणायचे त्या पुस्तकांवर शिकले, आणि शिकलेलं असं उपयोगी पडतं. वाचनालयात आहारावरचं पुस्तक मिळालं. त्यात लिहिलं आहे की लॅक्टोज दुधातल्या पाण्यात विरघळलेलं असतं. म्हणजे दूध आटवून पाणी उडवलं की लॅक्टोज गेलं. खव्यात पाणी कुठे असतं? डॉक्टरला एवढंही सुचलं नाही. येताना पाव किलो पेढे घेतले.

२५ एप्रिल, पहाटे
पाणी उडतं. साखर उडत नाही. पुढच्याच पानावर लिहिलं होतं.

२७ एप्रिल
नवा प्लॅन. धोंडबा भिलाईच्या स्टील प्लांटमध्ये भट्टीच्या विटा लावायचे. ते सांगायचे, नवी भट्टी एकदम तापवली तर विटा तडकतात, हळूहळू तापवली तर वर्षानुवर्षं चालते. पोटाचंही तेच. आज जेवणासोबत दोन चमचे दूध. काही झालं नाही. असं थोडं थोडं वाढवत पौर्णिमेपर्यंत वाटीवर पोचायचं.

३० एप्रिल
भट्टी चांगली तापते आहे, तर उगाच वेळ कशाला घालवायचा म्हणून सकाळी उपाशीपोटी पूर्ण ग्लास घेतला.
राजदीपची ड्यूटीला जायची वेळ आणि बाथरूम बंद. तो बाहेरून म्हणे, आई, आत काय करून राहिली? मी म्हटलं, वाचून राहिली.

२ मे
नीतूने कुठून तरी लॅक्टोज नसलेल्या दुधाचं पाकीट आणलं. म्हणे, दूध तेच, साखर आधीच फोडलेली असते. जरा गोड लागलं. कपभर प्याले आणि पोट अगदी गप्प. याचा अर्थ मला दूध पचतं. उगाच घाबरवलं होतं. संध्याकाळी आनंदाने दूधवाल्याच्या दुधाचा चहा घेतला, निव्वळ दुधाचा.

३ मे
चहाची पत्ती जुनी असावी.

४ मे, रविवार
विहारात मीटिंग. महिला मंडळाच्या अध्यक्ष गयाबाई म्हणाल्या, मथुरा, खिरीचं पक्कं ना? मी हो म्हणायच्या आत ममता बोलली, काकू, तुमची तब्येत बरी नसन तर आताच सांगा जी.
आवाजात केवढी माया. मी ओळखून आहे. मी म्हटलं, बाई, मी उभा जन्म भिलाईत काढला, मले लोखंड पचते. सगळ्या हसल्या. ममता सर्वांत जास्त हसली, तिला फार लागलं असणार.

१० मे
नीतूने मेडिकलमधून गोळ्या आणल्या. दुधाच्या पदार्थासोबत घ्यायच्या, म्हणजे तो रस बाहेरून मिळतो. मी म्हटलं, मला गरज नाही. मग एक पदराच्या गाठीत बांधली.

१२ मे, सोमवार, पहाटे
आज पौर्णिमा. कोणी पाहायच्या आत, उठल्या उठल्या गोळी घेऊन टाकली. कामं वेळेआधी करण्याची मला सवय आहे. काळजी मिटली.

१२ मे, संध्याकाळ
खीर उत्तम झाली. सगळ्यांसमोर वाटी भरून संपवली. धोंडबांची फार आठवण झाली, म्हणून थोडी परत घेतली. मग खीरदान झालं, पंगत उठली, आणि गयाबाईंनी बुद्धांना खीर देणाऱ्या सुजातेवर दोन शब्द बोलायला माईक दिला. भाषण पाठ होतं. सुजाता खीर घेऊन झाडापाशी येते तिथपर्यंत पोचले आणि पुढे थांबता येईना. तशीच मागच्या दाराने बाथरूमकडे गेले.
माईक कॉर्डलेस होता. हे आत गेल्यावर लक्षात आलं.
नीतू घरी गोळ्यांचं खोकं वाचून म्हणाली, मम्मी, पहिल्या घासासोबत घ्यायची होती. सुबह की गोली दोपहर तक थोडी रुकेगी.

१८ मे, रविवार
ठरवून गेले. वंदना झाल्यावर उभी राहिले आणि सगळं सांगितलं: साखर, रस, पेढे, गोळी. म्हटलं, मले दूध पचत नाही, सराटा ममताले द्या.
ममता दोन पावलं मागे सरली. म्हणे, काकू, मले कावून? मे महिन्यात त्या गंजापुढे कोण उभं राहीन? तुम्ही आजारी पडल्या तर सराटा माझ्या गळ्यात येईन, म्हणून तर मी तब्येत विचारून राहिली होती.
दुसऱ्या कोणाला हवा आहे का, असं गयाबाईंनी विचारलं. सगळ्या पंख्याकडे पाहू लागल्या.
मी म्हटलं, पण ती पहिली वाटी? रिवाज आहे ना. गयाबाई म्हणाल्या, कोणता रिवाज? धोंडबा भाऊ तुले भरून द्यायचे, तू खायची. आमाले वाटे तुले लई आवडते. आता ढवळ, आणि खाऊ नको.
म्हणजे सराटा माझ्याकडेच राहिला.
येताना ममता फाटकापर्यंत सोबत आली. तिला खरं ते सांगितलं, की धोंडबांच्या वेळीही पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी मी पोट धरूनच बसायची, तेव्हा उन्हाला नावं ठेवायची. ती म्हणे, मग काकांना नाही म्हणायचं होतं ना काकू.
ते वाटी घेऊन समोर उभे राहायचे. त्यांना कोण नाही म्हणणार.