शोभाताईच्या मिशा

२० फेब्रु.
सुट्टी, म्हणून सासरच्या गावी, फोपनारला. गळ्याच्या ऑपरेशनमध्ये शोभाताईचा, माझ्या मोठ्या जावेचा, आवाज गेला त्याला सहा महिने झाले. पाहुणे आले की भाऊजी तिला आत पाठवतात. आज माझ्या मोबाइलवर एक जुना मुका विनोदी सिनेमा लावला. खांदे गदागदा हलवत हसली. मग पाटीवर लिहिलं, "आपण पण काढू. यात कोणीच बोलत नाही."

२२ फेब्रु.
गोष्ट ठरली. दोन बायका मिशा लावून पुरुषांच्या पंगतीत घुसतात, वरण-बट्टी हाणतात, एकीची मिशी वरणात पडते, मग पळापळ. मिशा मक्याच्या कणसाच्या केसांच्या. पुरुष व्हायला शेजारणी तयार. मी बुऱ्हाणपूरला शाळेत मराठी शिकवते, वय बावन्न. लाज वगैरे... पाहू.

२७ फेब्रु.
मोबाइल बांबूला बांधून केळीच्या बागेत पळापळ. सालीवरून पाय घसरतो ही शुद्ध थाप. धुळीत साल चिकटून बसते. शेवटी ठिबकच्या नळीनं चिखल केला. ताईनं एकदाच पडायचं होतं, सात वेळा पडली. दर वेळी बोट फिरवून खूण, फिर से.
भाऊजी बांधावर येऊन उभे. म्हणाले, "आवाज गेला, अब्रू तरी राहू दे."
ताईनं पाटी मागवली. चिखलाच्या बोटांनी लिहिलं, "पडले मी. अब्रू नाही."

२८ फेब्रु.
भाऊजींचा ह्यांना फोन. हे म्हणे, डिलीट करून टाक, भावाभावांत वाद नको. नाही केलं. उलट एक कॉपी ताईच्या मोबाइलवर टाकली.

८ मार्च
शाळेत महिला दिन, त्यात आमचा सिनेमा. ताई येणार नाही, असं भाऊजींनीच परस्पर कळवलेलं. ती आली. ऑपरेशननंतर पहिल्यांदाच एकटी, बसनं. कंडक्टरला कागद दाखवला म्हणे: बुऱ्हाणपूर, एक.
मोठ्या बाई म्हणाल्या, मागे गाणं तरी लावा. नको म्हटलं. मिशी वरणात पडली तेव्हा मागच्या बाकांवरच्या म्हाताऱ्या उठून उभ्या राहिल्या. हॉल नुसता हसत होता. ताईनं पडद्याकडे पाहिलंच नाही, बायकांची तोंडं पाहत बसली.

१० मार्च
निंबोला गावच्या बायकांनी सिनेमा दाखवायला बोलावलंय. ताईनं घरात विचारलं नाही, कळवलं. तिला घ्यायला गेले तर भाऊजी दारात उभे.
"आज गेलीस तर..."
पुढचं काही येईना. ताईनं ते ऐकायला थोडा वेळ वाट पाहिली. मग चपला घातल्या.