फलकावर मीच चिकटवलेली सूचना

प्रति,
मा. प्रबंधक,
न्यायालय कार्यालय, पहिला मजला.

विषय : त्रुटींची पूर्तता न झाल्याने फेटाळलेली माझी याचिका पुन्हा पटावर घेणेबाबत.
संदर्भ : दालन क्रमांक चारबाहेरील फलकावरची सूचना.

महोदय,

१. मी या न्यायालयात बावीस वर्षे शिपाई आहे. दालन क्रमांक चारच्या दारात उभे राहून पक्षकारांचा पुकारा करणे आणि कार्यालयाच्या सूचना फलकावर चिकटवणे, ही माझी कामे. माझी मुलगी गेल्या वर्षी वारली. तिची चार वर्षांची मुलगी जावयाकडे आहे आणि जावई मला दारात उभे करत नाहीत. आठवड्यातून एक तास नात भेटावी, एवढ्यासाठी मी वकील न लावता याचिका दाखल केली.

२. तीत दोन त्रुटी निघाल्या. प्रतिज्ञापत्राच्या शेवटच्या पानावर माझी सही राहिली होती आणि नातीच्या जन्मदाखल्याची प्रत पुसट होती. मुदत चौदा दिवसांची होती. काम अर्ध्या तासाचे होते.

३. हेडक्लार्कना मी दादा म्हणतो. काही कमी आहे का, असे त्यांना तीनदा विचारले. "तुझं काम म्हणजे घरचं काम, निवांत राहा," असे ते म्हणाले. त्याच आठवड्यात त्यांनीच त्रुटींची यादी माझ्या हातात दिली, "लाव बाबा फळ्यावर." मी लावली. चारही कोपऱ्यांना डिंक, एक सुरकुती नाही.

वाचली मात्र नाही. रुजू झालो तेव्हा जुन्या जमादारांनी बजावले होते की शिपायाने फलकावरचा कागद वाचू नये. वाचणारा आधी पक्षकारांना सांगू लागतो, मग चहापाण्यासाठी हात पुढे करतो. बावीस वर्षे मी कोणाच्याही प्रकरणात डोकावलो नाही. त्यात माझेही आले.

४. पंधराव्या दिवशी याचिका फेटाळली गेली. जाब विचारला तर दादा म्हणाले, "नियमाप्रमाणे कळवलंच की. तेही तुझ्याच हातानं." हे बोलताना ते माझ्याच डब्यातले जेवत होते. साहेब, माझ्या माणसाने माझा केसाने गळा कापला, हे मी लेखी देत आहे.

५. नियमांबद्दल माझी तक्रार नाही. पण दालनात गैरहजर पक्षकाराचे प्रकरण फेटाळण्यापूर्वी त्याचा तीनदा पुकारा होतो. तो मीच करतो. जामिनावरच्या चोरांनाही मी घसा फोडून हाका मारल्या आहेत. माझी याचिका कार्यालयातच निकालात निघाली, तेव्हा मी तिथून दहा पावलांवर उभा होतो. मला कोणी हाक मारली नाही.

६. तरी विलंब माफ करून याचिका पुन्हा पटावर घ्यावी. नात मला आबा म्हणायची. आणखी वर्षभर गेले तर आबा कोण, हे तिला आठवणार नाही. या अर्जाची पाने मी दोनदा तपासली आहेत, तरी एखादी त्रुटी निघेलच. निघाल्यास कृपया फलकावर काही लावू नये. मी दारातच असतो. एकदा नावाने हाक मारावी.

आपल्याच दारात उभा असलेला,
आपला नम्र,
(सही, सर्व पानांवर)
शिपाई, दालन क्रमांक चार

दिनांक : याचिका फेटाळल्यापासून नववा दिवस

सोबत :
१) सही केलेले प्रतिज्ञापत्र
२) जन्मदाखल्याची स्पष्ट प्रत
३) मूळ सूचना, फलकावरून न फाडता सोडवलेली, मागे डिंक माझाच