त्या दिवशी माग बंद होते

आबा, मी तुमच्यावर अजून चिडलेली आहे. तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, आता तरी सोड म्हणते आई. पण आईने ती कॅसेट पुन्हा पाहिलेली नाही, मी आज सकाळीच पाहिली. माहितीपटांचा कॅमेरा सांभाळण्यात माझं आयुष्य गेलं. कुणाच्या नोकरीत चिकटले नाही, मिठागरांपासून कोळशाच्या खाणींपर्यंत बोलावतील तिथे गेले, आणि सगळीकडे माणसं काम करताना टिपली. फक्त माझा बाप काम करताना माझ्याकडे नाही. आणि याला तुम्हीच जबाबदार आहात.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी बडोद्याला कॅमेरा शिकून नुकतीच सुरतेला परतले होते. यंत्रमागांच्या आवाजाने कामगारांचे कान जातात, यावर एक दिग्दर्शक बाई फिल्म करत होत्या आणि एकही शेठ त्यांना दारात उभं करत नव्हता. मी फुशारकीने म्हटलं, माझे वडील पॉवरलूमवर आहेत. तुम्ही शेठपुढे हात जोडलेत, ‘मारी दीकरी छे, शेठ,’ माझी लेक आहे, म्हणालात आणि एक तास मिळवलात. मला काय हवं होतं, आबा? तुमचं ते भोकं पडलेलं बनियन, तुटला धागा जोडणारी बोटं, आणि माणसाला माणसाच्या कानात ओरडायला लावणारा तो खडखडाट. तुम्ही घरीही तसंच बोलायचात. भाकरी मागितलीत तरी शेजारच्यांना भांडण लागलं असं वाटायचं.

मी आणि बाई आपल्या नवागाम वस्तीतून रिक्षात सामान घालून पोचलो, तर कारखान्याच्या दाराला झेंडूचं तोरण! फरशी धुतलेली, मागांना दसऱ्यासारखं हळदकुंकू, आणि सगळे माग बंद. माणसं आंघोळ करून रांगेत उभी, पुढे तुम्ही पांढऱ्या शर्टात, हातात नारळ. पूजेला शेठलाही नाही म्हणता आलं नव्हतं. मी दातओठ खात विचारलं, माग का बंद केले? तुम्ही हसलात. ‘पाव्हना येतस तवय घर झाडतस ना, बेटा? आते निवांत बोला.’ सुरू करा म्हणून मी ओरडले, तर म्हणालात, पूजा मांडली की तासभर तरी मागाला हात लावायचा नसतो. आणि आमच्याकडे तासच होता! शेवटी शेठने घड्याळ दाखवलं, ‘चालो बहेन, टाइम पूरो.’ बाई तडक रिक्षात जाऊन बसल्या.

पुढे शेठने त्या चित्रणाच्या कॅसेटची एक प्रत मागून घेतली आणि तपासणीला आलेल्या साहेबाला दाखवली. पाहा, किती स्वच्छ, किती शांत! हे तुम्हीच मला कौतुकाने सांगितलंत. आणि तुमचे कान? काही वर्षांत दाराची कडी वाजलेली कळेना. शेवटी दवाखान्यात मी कॉटवर वाकून ओरडत होते आणि तुम्ही आपले, ‘काय म्हनस?’ मला जे सांगायचं होतं ते तसंच राहिलं.

बापाने माझी पहिली फिल्म कशी बुडवली, हा किस्सा मी शिकाऊ मुलांना रंगवून सांगते. मुलं हसतात. माझं मात्र आतून डोकं फिरलेलं असतं.

आज कॅसेट पाहताना पहिल्यांदाच नीट कान दिला. बाई काहीतरी विचारतात. तुम्ही पुढे वाकून त्यांच्या ओठांकडे बघत उत्तर देता, अगदी हळू, एखाद्या मास्तरासारखं. तुमचा हा आवाज मी घरात कधी ऐकला नव्हता. प्रत्येक उत्तरानंतर तुम्ही कॅमेऱ्याकडे, म्हणजे माझ्याकडे बघता. जमलं ना, असं विचारल्यासारखं.

हा कागद घडी करून कॅसेटच्या डबीतच ठेवणार आहे, म्हणून लिहून टाकते. आदल्या दिवशी आई भाकरी थापत होती, तुम्ही जेवत होतात, आणि मी म्हणाले होते, ‘आबा, बाई शिकलेल्या आहेत. त्यांच्यासमोर असं ओरडून बोलू नका, मला लाज वाटते.’ तुम्ही घास हातात धरून मान डोलावली होती. हे मी बाईंना सांगितलं नाही, त्या मुलांनाही नाही. चालू मागांपुढे हळू बोलता येत नाही, हे तुम्हाला ठाऊक होतं. मलाही ठाऊक होतं.