उलट्या तोंडाची पाखरं

मी, सिप्रियान उआत्ता, वय बहात्तर, धंदा शेती आणि विणकाम, राहणार ताकिले बेट, तितिकाका सरोवर, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने लिहून ठेवतो. माझे डोके ठिकाणावर आहे. मी प्यालेलो नाही. कोणाचे माझ्यावर दडपण नाही. भीती आहे, आणि ती लपवून सही केली तर ती खोटी सही होईल. गुरुवारच्या होडीने मला पुनोला नेणार आहेत. तिथे पोट उघडून पित्ताशय काढणार. डॉक्टर हसून म्हणाले, "काळजी करू नका बाबा, झोपवू तुम्हाला, काही कळणारसुद्धा नाही." काही कळणार नाही, याचीच मला भीती वाटते.

माझी बायको पेत्रोना हिलाही असेच होडीत बसवले होते. तिचा आजार हाताबाहेर गेला होता, त्यात कोणाची चूक नव्हती. जाताना ती म्हणाली, "मी येईपर्यंत बटाटे वाळत घाला." बटाटे वाळले. तेव्हापासून धक्क्यावर होडीचा भोंगा वाजला की माझे हात गार पडतात, आज तर ते सकाळपासूनच गार आहेत. अक्षर वेडेवाकडे दिसले तर ते त्यामुळे, म्हातारपणामुळे नव्हे.

घर, अंगण, डोंगरावरच्या वाफ्यांतला माझा वाटा आणि मेंढ्या माझी मुलगी लुसिला हिला द्याव्यात. तिचा नवरा फाउस्तो सोन्याच्या खाणीवर गेला तो गेलाच. तो कधी परत आला तर त्याला अंगणात बसवून सूप द्यावे, थंडी असेल तर दोन वाट्या. उंबऱ्याच्या आत घ्यायचे की नाही हे लुसिलाने ठरवावे. या माणसाने लग्नाआधी विणून आणलेल्या टोपीत मी रिवाजाप्रमाणे पाणी ओतले होते आणि ती टोपी हातात धरून धक्क्यापर्यंत चालत गेलो होतो. थेंब गळला नाही. अशी घट्ट वीण घालणारा माणूस संसार सोडणार नाही, असे मी तेव्हा सगळ्यांना सांगत सुटलो होतो. टोपीत पाणी राहिले, माणूस राहिला नाही.

माझ्या पेटीत विणकामाची दोन पुस्तके आहेत. पहिल्यात लहान मुलांचे मोजे, स्वेटर, हातमोजे आहेत. ते पुस्तक पेत्रोनाने पुनोच्या बाजारात घेतले. तिला अक्षर येत नव्हते, पण नक्षीच्या चौकटी ती बरोबर वाचायची. लुसिला मजकूर वाचायची, पेत्रोना चौकटी मोजायची आणि मी विणायचो. या घरातली सगळी लेकरे त्या पुस्तकातले मोजे घालून चालायला शिकली. हातमोज्यांच्या पानावर सुपाचा डाग आहे. शेजारी ग्रेगोरियो याने ते पुस्तक वाचायला नेले त्याआधी तो डाग नव्हता.

दुसरे पुस्तक लिमात छापलेले. त्यात आमच्या बेटाच्या टोप्या आहेत, पण नक्षीचे नकाशे सुलट बाजू समोर धरून विणणाऱ्यांसाठी आहेत. आम्ही धागा मानेभोवती घेऊन उलट्या बाजूने विणतो, नक्षी पलीकडच्या अंगाला पडते. त्यामुळे पुस्तकातला नकाशा जसाच्या तसा विणला तर पाखरू तोंड फिरवते. बेटावरच्या सगळ्या टोप्यांवरची पाखरे उजवीकडे बघतात. बापाच्या मांडीशी बसून शिकलेला पोरगा ही चूक करणार नाही. पुस्तकातून शिकलेल्याकडून ती होणारच. आणि बेटावर ते पुस्तक फक्त माझ्या पेटीत आहे.

हे लिहिण्याचे कारण असे. माझी नात सिल्वेरिया, लुसिलाची मुलगी, हिला डेल्फिन मार्का याने मागणी घातली आहे. बाप इथे नाही, म्हणून टोपीत पाणी ओतायचे काम माझ्याकडे आले. रविवारी अंगणात सगळ्यांच्या देखत मी डेल्फिनच्या टोपीत गाडगे रिकामे केले. थेंब गळला नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी टोपी उलटी करून पाहिली आणि पाखरे डावीकडे बघत होती. मी "दोन दिवसांनी सांगतो" म्हणून आत जाऊन बसलो. फाउस्तोने निदान स्वतः विणली होती. याने तीही विणलेली नाही. मी भूल घेऊन पडलेला असताना माझ्या नातीचे तिच्या आईसारखे होणार, या विचाराने मी हा कागद घेऊन बसलो.

आज दुपारी मी हाच कागद लिहीत असताना सिल्वेरिया काढा घेऊन आली. मृत्युपत्रात बोलणी लिहीत नाहीत हे मला ठाऊक आहे. तरी लिहितो.

"सिल्वे, डेल्फिनच्या टोपीवरची पाखरं तिकडं का बघतायत गं?"

ती काढ्यात चमचा ढवळत राहिली. "पुस्तकात तशीच आहेत, आबा."

"पुस्तक आपल्या पेटीत असतं."

"पेटीला कुलूप कुठंय?"

"म्हणजे तू विणलीस."

"त्याची गळत होती. सारखी उसवायचा, पुन्हा विणायचा. रडकुंडीला आला होता."

"गळू द्यायची होती. आणखी एकदा विणली असती. मरत होता का तो?"

"तो नाही," ती म्हणाली आणि तिचा आवाज फुटला. "तुम्ही गुरुवारी चाललाय. आजीपण गेली होती. तुम्ही नाही आलात तर पाणी कोण ओतणार? मला तुमच्याच हातून हो पाहिजे होतं, आबा. म्हणून घाई केली."

मी एकटाच घाबरलोय असे मला वाटत होते. पोरगी माझ्याहून जास्त घाबरली होती, आणि त्या भीतीत तिने थेंबही न गळणारी टोपी विणली. मी तिला जवळ घेतले. मग आम्ही दोघेही रडलो. काढा गार झाला.

म्हणून पुढचे कलम आज घालतो. सायकलच्या चाकाचे आरे घासून केलेल्या माझ्या सगळ्या सुया सिल्वेरिया हिला द्याव्यात. आमच्या बेटावर विणकाम पुरुषांचे, बायकांनी मागावर बसायचे. ग्रेगोरियो यावर काय म्हणेल ते मला माहीत आहे. त्याने खुशाल म्हणावे. दोन्ही पुस्तकेही तिचीच. कोणीही येऊन वाचावीत, बाहेर न्यायची नाहीत.

डेल्फिन मार्का याने या घरात बसून नवी टोपी विणावी. सिल्वेरियाने दाखवावे, पण सुयांना हात लावू नये. पाखरे कुठेही बघोत.

इस्पितळात माझी टोपी काढावी लागेल असे कळते. ती लुसिलाच्या हातात द्यावी, खुंटीला लावू नये. लग्नानंतर मी उघड्या डोक्याने कधी झोपलेलो नाही.

शेवटचे. टोपीत पाणी ओतायचा हक्क घरातल्या वडीलधाऱ्या पुरुषाचा असतो, तो मला माझ्या बापाकडून आला. तो मी माझी नात सिल्वेरिया हिला देतो. टोपी गळली आणि तरी तिला डेल्फिन हवा असेल, तर हवा. नाही गळली आणि नको वाटला, तर नको. त्यावर कोणी काही बोलायचे नाही. मी पुनोहून जिवंत परत आलो तरी हे कलम रद्द समजू नये.

सही: सिप्रियान उआत्ता

साक्षीदार १: ग्रेगोरियो क्रूस. सही करतो. सुपाचा डाग माझा नाही.

साक्षीदार २: डेल्फिन मार्का. सगळे वाचले. लोकर आणली आहे.

ठिकाण: ताकिले
मंगळवार, १७ एप्रिल २०१२