कापसाच्या मळ्याचा मालक

सोहार, ओमान, १२ ऑक्टोबर २००१

प्रिय अयान,

या पत्रावर वसईचा शिक्का पाहून चकित होऊ नकोस. शेजारची फ्लोरा सुट्टीवर निघाली आहे, तिच्या हाती देतेय. इथून टाकलेलं पत्र कुणाकुणाच्या हातातून जातं, याची मला आता खात्री नाही.

तुझ्या भाचीला, सादियाला, शाळेत प्रोजेक्ट मिळालाय: दीडशे वर्षांपूर्वीचा अमेरिकेतला एक कापसाच्या मळ्याचा मालक. ती इंग्रजीत वाचते आणि मला अडखळत मराठीत सांगते. दोनशे गुलाम होते त्याच्याकडे. त्यांना तो ‘माझी माणसं’ म्हणायचा, सणाला कपडे वाटायचा. निवडून आल्यावर सभागृहात स्वातंत्र्यावर तासतासभर बोलायचा. चाबूक त्याने स्वतः कधी धरला नाही, त्याला माणसं ठेवलेली. आणि कुणी पळाला की पेपरात जाहिरात: उंची एवढी, कपाळावर व्रण, दिसल्यास कळवा.

सुरमई कापता कापता माझा हात थांबला. त्याच आठवड्यात तुझ्या दुल्हेभाईंनी पेपरात जाहिरात दिली होती. हुसैनमियाँचा फोटो, खाली ‘काम सोडून पळाला आहे’. हुसैनमियाँ, रे! ज्याने तुला खाडीत पोहायला शिकवलं, तो. कारखान्यांना मजूर पुरवण्याच्या यांच्या धंद्यात सहा वर्षं वेल्डिंग करत होता.

मी विचारलं तर म्हणाले, “नमकहराम निघाला. माझी माणसं मी पोरांसारखी सांभाळतो.” सादियाने वहीतून मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं.

तेव्हापासून मी लक्ष ठेवू लागले. फोन आला की हे गॅलरीत जाणार. कपाटाची किल्ली आंघोळीलाही बरोबर. एका जुम्म्याला नमाजाला जाताना कपडे बदलले आणि किल्ली खुंटीवरच्या सदऱ्याच्या खिशात राहिली. कपाटात चौदा पासपोर्ट होते, रबर लावून. हुसैनमियाँचाही. त्याच्याखाली त्याच्या बायकोची तीन पत्रं, फोडलेली. ‘अम्मीचं खरं नाही, एकदा येऊन जा.’ पहिलं मे महिन्यातलं. तो सुट्टी मागत होता आणि हे म्हणत होते, घरी सगळं ठीक आहे.

त्याचा पासपोर्ट आणि ती पत्रं मी फ्लोराच्या नवऱ्याला, ॲलॉयसियसला दिली. त्याने ती मस्कतला आपल्या दूतावासात पोचवली. पळाल्यापासून हुसैनमियाँ तिथेच आसऱ्याला होता. गेल्या गुरुवारी तो विमानात बसला. अम्मी भेटल्या की नाही, मला माहीत नाही. यांनी अजून कपाट उघडलेलं नाही. की उघडलंय, आणि गप्प आहेत? काल चहा देताना माझ्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं.

आज सकाळी हसत म्हणाले, “अयानचा व्हिसा आला. मी फेब्रुवारीत जिल्हा परिषदेला उभा राहणार, इथे घरचं माणूस हवं. त्याला सुपरवायझर करतो.” अयान, येऊ नकोस. पाय मोडला म्हण, काहीही सांग, फक्त माझं नाव घेऊ नकोस. तू इथे उन्हात राबशील याची मला भीती नाही. तू त्या उरलेल्या तेरा जणांवर ओरडायला शिकशील, याची आहे.

तुझीच,
हाफिजा आपा