जर्मन म्हणवणारं भूत

७ जानेवारी २०१८, मॉन्ट्रियल
विंडसरहून परत. ट्रेनमध्ये काहीच वाचलं नाही, नुसती बाहेर बघत बसले.
ईराने नाताळात पहिल्याच दिवशी मला बाथरूममध्ये नेऊन टॉवेल दाखवले, "आई, यू टेक द ब्लू वन. दॅट्स फॉर गेस्ट्स." सात वर्षांची पोर, तिच्या मनात काही नव्हतं. माझ्या मात्र अजून आहे. सप्टेंबरपासून ती तिच्या बाबाजवळ, नितीनजवळ राहते, त्याची नोकरी तिथे म्हणून आणि माझा प्रबंध इथे म्हणून. बर्फ वितळलं की आई कायमची येणार, असं तिला सांगून ठेवलंय. आता ५ वं प्रकरण तेवढं राहिलं.

१४ जाने.
रविवार. स्काइपवर ईराला पाचव्या प्रकरणातल्या पुस्तकाची गोष्ट सांगितली. जंगलातल्या पाद्र्याचं घर, अनाथ मुलगी, आणि रोज रात्री फायरप्लेसमधून बाहेर येणारी मेलेली नवरी. ती खिडकी वर सरकवते आणि मुलीला खुणेनं बोलावते. मी मराठीत घाबरवते, ती इंग्लिशमध्ये घाबरते.
"इज शी इंग्लिश?"
म्हटलं, मूळची जर्मन. तिथून इंग्लंडला गेली.
"लाइक अस," ईरा म्हणाली.
नितीन मागे कुकर लावत होता. म्हणाला, "तुझ्या नवरीला तिथे कायम राहायचा पीआर मिळाला का गं?"
खरं तर प्रकरण तेवढंच आहे. दोनशे वर्षांपूर्वीच्या इंग्रजी पुस्तकावर छापलंय, जर्मनवरून भाषांतरित. तसं जर्मन पुस्तक माझ्या गाइड बाईंना तिकडच्या एका जुन्या लायब्ररीत सापडलं, साल छापलेलं नाही. इंग्रजाने त्यातलं काय गाळलं, काय सौम्य केलं, यावर माझी ऐंशी पानं.

२३ जाने.
हीटर बंद. आज तिसऱ्यांदा बिल्डिंग सांभाळणाऱ्या कॉन्सिएर्जला गाठलं, तो "दूमँ, मादाम" म्हणून गेला. त्याचं उद्या कधी उजाडतं कोण जाणे. टोपी घालून टाइप करते.
संध्याकाळी बाईंनी जेवायला बोलावलं. गाइड म्हणून कडक, पण सूप चांगलं करतात. सत्तरी उलटली तरी हट्टाने एकट्या राहतात. थंडीवरून विषय निघाला तर जर्मनीतल्या लहानपणीच्या गावचं सांगत बसल्या. आजीच्या घरी टाइल्स लावलेली मोठी बंद भट्टी, लाकडं बाहेरच्या पॅसेजमधून घालायची, खोलीत नुसती ऊब. "आम्हा पोरांना जाळ कधी दिसलाच नाही. म्हणून आमच्याकडची भुतं मुकाट्याने दारातून येतात." स्वतःच हसल्या.
मीही हसले. मग चमचा तसाच हातात राहिला.
माझी नवरी तर फायरप्लेसमधून येते. सूप पुन्हा घेतलं, तेही नको असताना.

२४ जाने.
जर्मन पुस्तक पहिल्यापासून वाचलं. मुलगी जाळाच्या उजेडात वाचते. राखेत पावलं उमटतात. नवरी निखाऱ्यांवरून चालत येते. फायरप्लेस काढली तर गोष्टच उरत नाही.
किल्ल्यात असतील की फायरप्लेस, असं स्वतःला समजावलं. पण हा किल्ला नाही ना, पाद्र्याचं साधं घर आहे. आणि ती खिडकी. नवरी ती वर सरकवते, पुन्हा पुन्हा. तशा वर सरकणाऱ्या खिडक्या इंग्लंडात. जर्मन घरातली खिडकी दारासारखी उघडते. हे मला बाईंच्याच वर्गात कळलंय.
म्हणजे हे लिहिणाऱ्याने जर्मन घर आतून पाहिलेलंच नाही. गोष्ट इंग्लंडात रचली. जर्मन पुस्तक हे भाषांतर. इंग्रजाने काय बदललं म्हणून मी ऐंशी पानं लिहिली, आणि बदलायला मूळच नव्हतं.
आणखी एक वर्ष. निदान एक वर्ष.


२८ जाने.
ईराला आज नवरीची पुढची गोष्ट हवी होती. डोकं दुखतंय म्हणून टाळलं. "इज द स्नो मेल्टिंग देअर?" तिने विचारलं. खिडकीतून बघून नाही म्हटलं. तेवढं एक खरं बोलले.
नंतर नितीनला सगळं सांगितलं आणि त्याच्यावरच डाफरले. त्याने ऐकून घेतलं. मग म्हणाला, "भुतापेक्षा तू बाईंना जास्त घाबरतेस. उद्या जा आणि सांगून टाक."
उद्या नाही जमणार, म्हटलं.
"दूमँ," तो म्हणाला. हसू आलं, राग पण आला.

३० जाने.
सांगितलं.
बाईंच्या ऑफिसात, कोट न काढता, सगळं एका दमात. भट्टी, खिडकी, पाद्र्याचं घर. बाई जर्मन पुस्तकाची प्रत उघडून वाचू लागल्या. मी त्यांच्या टेबलावरचं कॅक्टस बघत बसले.
मग चष्मा काढला. "चाळीस वर्षं मी हे पुस्तक शिकवते आहे. मी. त्या भट्टीला पाठ लावून मोठी झालेली." आणि इतक्या हसल्या की शेजारच्या ऑफिसातला माणूस डोकावून गेला.
मी विचारलं, प्रबंधाचं काय?
"काय म्हणजे? उलटा कर. हे तर जास्त चांगलं आहे."
तेव्हा जर्मन भुतांना इंग्लंडात फार भाव होता. म्हणून इंग्रजाने घरीच भूत बनवलं आणि वर जर्मनचा शिक्का मारला. जर्मनांनी तो शिक्का खरा मानला, आपलंच हरवलेलं माणूस सापडलं म्हणून आनंदाने घरी नेलं. बाईंना म्हटलं, आमच्याकडे उल्हासनगरचा माल फॉरेनचा म्हणून विकायचे. इथे तर तोच माल फॉरेनवाल्यांनी आपला समजून विकत घेतला. उल्हासनगर कुठे आहे ते नकाशावर दाखवावं लागलं. प्रबंधात तशी तळटीप घाल म्हणाल्या. घालणार नाही.
मेट्रोत बसले आणि रडू आलं. सुटले म्हणून. समोरच्या बाईने टिश्यू दिला, मी मेर्सी म्हटलं आणि आणखी रडले.
घरी आले तर हीटर चालू.

१८ फेब्रु.
प्र. ५ वं झपाट्याने होतंय. वाटलं होतं सगळं फेकावं लागेल. बरंचसं तसंच राहिलं, फक्त इंग्रजाने गाळलं म्हणत होते ते आता जर्मनाने भरलं असं होतं. आणि ते जास्त पटतं. जर्मनाने त्या नवरीला एक आई दिली आहे. इंग्रजी पुस्तकात ती नाही.
ईराला सांगितलं, भूत मुळात इंग्लिश निघालं. तिला काहीच धक्का बसला नाही. "बट शी लिव्ह्ज इन जर्मनी नाऊ, राइट?"
हो, म्हटलं.

२९ मार्च
प्रबंध दिला. बाईंनी हात हातात घेतला. मग सांगितलं, बाहेरचा परीक्षक खवट आहे. नुसत्या घरबांधणीवर इतकं उभं करायचं का, असं विचारणारा. रिपोर्ट यायला मे उजाडेल. दुरुस्त्या मोठ्या निघाल्या तर सप्टेंबरात पुन्हा इथे.
"भीती वाटते?" त्यांनी विचारलं.
वाटते. पण जानेवारीत वाटली तशी नाही. आता निदान जे लिहिलंय ते मला खरं वाटतं.
खोली सोडते आहे. कॉन्सिएर्जला भांडी देऊन टाकली. कढई ठेवली.

२१ एप्रिल, विंडसर
काल पोचले. नदीकाठी अजून काळं बर्फ पडलंय थोडं. ईराने स्टेशनवरच त्याच्याकडे बोट दाखवलं, "इट्स नॉट ऑल मेल्टेड. यू केम अर्ली." आणि बॅग ओढत पुढे.
नितीनने पिठलं-भात केला होता. पिठलं गुठळ्यांचं. तीनदा घेतलं. जेवताना त्याने विचारलं, "आणि सप्टेंबरात जावं लागलं तर?" ईराने ताटातून मान वर केली. अजून माहीत नाही, म्हटलं. दोघींनाही खोटं सांगायचं नव्हतं, तिला आणि मलाही.
आंघोळीला गेले तर निळा टॉवेल नाही. कपाटात शोधला, मशीनमध्ये बघितला, मग हाक मारली. ईरा आली. दाराच्या आडून एक जुना पिवळा टॉवेल आत सरकवला, तिच्याच रांगेतल्या हुकावरचा.
"ब्लू इज फॉर गेस्ट्स, आई."