चार नंबरचा खांब

३ ऑगस्ट
आजपासून डोंगराचं निरीक्षण केंद्र माझ्या ताब्यात. उतारावर सेन्सरचे सहा खांब. जमीन सरकली की खांब कलतो, खांब कलला की माझ्या स्क्रीनवर लाल रेघ. खाली वस्ती, वस्तीत ताईचं घर. निश्चय: इशारा एकही चुकणार नाही. ताईला फोन करून सांगितलं, आता निर्धास्त झोप. ती म्हणाली, तू बसलायस म्हणूनच झोप लागणार नाही. थट्टेखोर आहे.

९ ऑगस्ट
चार नंबर लाल! सायरन दिला. अख्खी वस्ती भर पावसात वस्तीबाहेरच्या शाळेत. काहीच झालं नाही. एक बकरी खांबाला पाठ घासत होती.

१२ ऑगस्ट
पुन्हा चार नंबर, पुन्हा सायरन, पुन्हा बकरी. साहेबांनी विचारलं, तुम्ही शास्त्रज्ञ की गुराखी? भाऊजींनी तर फोनवर बें बें केलं. या वयात शोभतं का?

१३ ऑगस्ट
नवा नियम बसवला. चार नंबर हलला की बकरी समजायचं, सायरन द्यायचा नाही. डोकं लागतं याला.

१७ ऑगस्ट, दुपारी
पाऊस थांबायचं नाव घेत नाही. चार नंबर लाल. बकरी.
अजून लाल. हट्टी बकरी.
आता पाच नंबरही लाल. म्हणजे दोन बकऱ्या. जेवण तसंच झाकून ठेवलं. डबा आंबला असावा.

१७ ऑगस्ट, संध्याकाळी
ताईचा फोन. विहिरीचं पाणी गढूळ झालंय, दारं चौकटीत अडकतायत, काय करू? छातीठोकपणे सांगितलं, काही होणार नाही, माझी गॅरंटी. तिने फोनच आपटला. बटणावर बोट ठेवून बसलोय. दाबलं आणि पुन्हा बकरी निघाली तर? साहेबांना विचारावं. साहेब मीटिंगमध्ये.
सहाही खांब बंद. स्क्रीन कोरी. लाइट गेली असेल.
पंखा मात्र चालू आहे.

१८ ऑगस्ट
डोंगर खाली आला. वस्ती गाडली गेली. माणसं सगळी शाळेत, सुखरूप. ताईनेच दारं ठोठावून एकेकाला बाहेर काढलं, भाऊजींनी म्हाताऱ्यांना पाठीवर घेतलं. मी म्हटलं, ताई, सायरन देणारच होतो गं. ती म्हणाली, बाळ, तू गॅरंटी दिलीस म्हणूनच फोन टाकून धावत सुटले.

अहवालात लिहिलंय, ‘केंद्राशी बोलणं होताच वस्ती रिकामी झाली.’ एक अक्षर खोटं नाही. सही करायला पेन उचललं, आणि परत खाली ठेवलं.
ताई मेली असती.